जगात शार्कचे हल्ले नेमके किती होतात, आणि मुलाला सर्फिंग करू द्यावं का?

ताईंचा प्रश्न थोडक्यात असा आहे. मुलगा मास्टर्स करायला सिडनीला गेलाय, तिथे रूममेट्सच्या नादाने सर्फिंग शिकायला लागलाय, आणि इकडे घरी अधूनमधून बातमी येते की ऑस्ट्रेलियात शार्कने माणूस मारला. तर असे हल्ले जगात खरंच किती होतात, आणि त्याला बंद कर म्हणून सांगायचं का?

मी डायव्हिंग इन्स्ट्रक्टर आहे, सुरुवात मालवणात केली, मग अंदमान, मालदीव असं करत बरीच वर्षं याच कामात आहे. शार्क असतात अशा पाण्यात लोकांना उतरवायचं आणि धड परत आणायचं हेच माझं काम, त्यामुळे हा विषय माझ्या रोजच्या विचारातला आहे आणि मी जरा सविस्तरच लिहितो, घाईत असाल तर शेवटचे चार-पाच पॅरे तरी नक्की वाचा आणि मुलाला पाठवा.

आधी आकडा. अमेरिकेत फ्लोरिडा म्युझियममध्ये इंटरनॅशनल शार्क अटॅक फाइल नावाची नोंदवही ठेवतात, १९५८ साली अमेरिकन नेव्हीच्या पैशातून ती सुरू झाली आणि आज जगभर सगळे तिचेच आकडे वापरतात. त्यांच्या हिशोबाने २०२४ मध्ये संपूर्ण जगात माणसाने काहीही कळ न काढता शार्क चावल्याच्या घटना झाल्या ४७, त्यात ४ जण गेले. २०२३ ला ६९ घटना आणि १० मृत्यू. २०२२ ला ५७ आणि ५. सगळ्यात जास्त झाल्या २०१५ साली, ९८. म्हणजे ढोबळमानाने वर्षाला साठ-सत्तरच्या आसपास चावे आणि पाच-सहा मृत्यू, आठशे कोटी माणसांच्या जगात. पाण्यात बुडून वर्षाला जवळपास ३ लाख माणसं मरतात असं जागतिक आरोग्य संघटना सांगते आणि आपल्या एकट्या भारतात सापाच्या दंशाने वर्षाला पन्नास हजारांच्या वर जातात, ते शेजारी ठेवून बघा.

बहुतेक ठिकाणी उत्तर इथेच संपवतात, की बघा किती कमी आहे, घाबरू नका. मला हे पटत नाही. कारण या आकड्याला भागायला आपण जी आठशे कोटी माणसं घेतो त्यातली बहुतेक समुद्रात कधी उतरतच नाहीत. लातूरच्या माणसाला शार्कचा धोका शून्य आहे आणि रोज पहाटे बोर्ड घेऊन लाटांवर जाणाऱ्या पोराला तो शून्य नाही, दोघांची सरासरी काढून त्या पोराच्या आईला काय उपयोग? जगाचा आकडा तिला ना घाबरवायला कामाचा ना धीर द्यायला. तिने विचारायला पाहिजे की कुठला बीच, कुठला महिना, पाणी कसं होतं, किती वाजता गेला आणि सोबत कोण होतं. हे पाच प्रश्न विचारले की चित्र एकदम बदलतं, आणि मी पुढे जे काय लिहितोय ते सगळं यावरच आहे.

त्याआधी त्या ४७ आणि ६९ मध्ये काय मोजलंय ते समजून घ्या. ज्यात माणसाने स्वतःहून शार्कला हात लावला, भाल्याने मासे मारत होता, खायला घालत होता, गळातून किंवा जाळ्यातून सोडवत होता, त्या घटना वेगळ्या कप्प्यात जातात, २०२४ मध्ये अशा अजून २४ होत्या. होडीला चावला तर तो वेगळा कप्पा. आधीच बुडून मेलेल्या माणसाचं शरीर शार्कने खाल्लं तर तेही वेगळं. आणि ज्या मुख्य कप्प्याचा आकडा बातमीत येतो त्यातसुद्धा पायाला सहा टाके पडलेला माणूस आणि पाय गमावलेला माणूस दोघंही एकेकच धरलेले असतात, म्हणून "हल्ला" हा शब्द मला जड वाटतो, मी चावा म्हणतो.

दुसरं म्हणजे गरीब किनाऱ्यांवरच्या घटना या वहीपर्यंत पोचतात कमी. फ्लोरिडात कुणाच्या पोटरीला ओरखडा उठला तरी लाइफगार्ड फॉर्म भरतो, पण आफ्रिकेच्या किंवा पॅसिफिकमधल्या एखाद्या बेटावरच्या कोळ्याला चावलं तर कोण लिहिणार. आपल्याकडे पण तेच, जाळं ओढताना मुशीने, म्हणजे शार्कनेच, हाताला चावा घेतला तर आमचे लोक फडकं बांधून कामाला लागतात, त्याची नोंद कुठेही होत नाही. फेब्रुवारी २०२४ मध्ये पालघर जिल्ह्यात मनोरजवळ वैतरणेच्या खाडीत एका तरुणाच्या पायाचा शार्कने जबर चावा घेतला, तेव्हा सगळ्यांना आश्चर्य वाटलं की खाडीत शार्क आला कुठून. तो बुल शार्क होता. बुल शार्क गोड्या पाण्यात आरामात राहतो, शरीरातल्या मिठाचं प्रमाण त्याला सांभाळता येतं, आणि त्याची पिल्लं तर खाडीच्या तोंडाशी आणि नदीतच वाढतात. गंगेतल्या जुन्या चाव्यांचा आळ कित्येक वर्षं बिचाऱ्या गंगा शार्कवर होता, त्यातले बरेचसे या बुल शार्कचेच असावेत असं आता जाणकार मानतात. पर्थमध्ये फेब्रुवारी २०२३ ला सोळा वर्षांची मुलगी गेली ती समुद्रात नाही, शहरातून वाहणाऱ्या स्वान नदीत.

जगात शार्कच्या ५०० च्या वर जाती आहेत. मालवणच्या बाजारात मोरी म्हणून जो मासा मिळतो, ज्याचं आपण मोरीचं मटण करतो, तोही शार्कच. माणसाला गंभीर इजा करू शकतील अशा जाती हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या आणि मृत्यू बहुतेक तिघांमुळेच होतात, ग्रेट व्हाइट, टायगर आणि बुल. टायगर शार्क बघायला लोक मुद्दाम पैसे भरून मालदीवच्या फुवामुला बेटावर जातात आणि रोज बघून परत येतात. समोर दिसणारा शार्क मला तितका धोक्याचा वाटत नाही. मला काळजी वाटते ती गढूळ पाण्याची, जिथे तोही आपल्याला नीट बघू शकत नाही.

आता जागा. फ्लोरिडाच्या व्होल्युशा काउंटीत न्यू स्मिर्ना नावाचा बीच आहे, जगातले सगळ्यात जास्त चावे याच पट्ट्यात होतात, २०२४ मध्ये जगभरच्या ४७ पैकी ८ एकट्या या काउंटीतले. पण तिथे मृत्यू जवळपास होतच नाहीत. कारण तिथला शार्क असतो ब्लॅकटिप, माणसापेक्षा लहान, लहान माशांच्या थव्यामागे किनाऱ्याला येतो, खाडीच्या तोंडाशी पाणी गढूळ, वर सर्फर लोकांची गर्दी, त्यात एखादा तळपाय चमकला की मासा समजून चावतो आणि लगेच सोडून पळतो. टाके घालून माणूस घरी, पुढच्या आठवड्यात परत बोर्डवर.

याच्या अगदी उलट रियुनियन बेट. हिंदी महासागरातलं फ्रान्सचं बेट, लोकसंख्या साडेआठ-नऊ लाख, आणि २०११ ते २०१९ या काळात तिथे शार्कने ११ माणसं मारली. मुंबईच्या एखाद्या वॉर्डाएवढी वस्ती आणि सरासरीने वर्षाला एकाहून जास्त मृत्यू, विचार करा त्या लोकांचं काय झालं असेल. २०१३ मध्ये सरकारने लगून, म्हणजे प्रवाळाच्या आडोशातलं उथळ पाणी, सोडून बाकी ठिकाणी पोहायला आणि सर्फिंगला बंदीच घातली. सर्फिंगच्या शाळा बंद पडल्या, मोठे सर्फर तयार करणारं बेट होतं ते. कारणं काय यावर तिथे अजून भांडणं आहेत, कोणी म्हणतं २००७ ला केलेल्या सागरी अभयारण्यामुळे शार्क वाढले, कोणी म्हणतं शार्कचं मांस विकायला बंदी आली म्हणून मासेमारी थांबली, कोणी म्हणतं डोंगरावरून येणारं गढूळ पाणी आणि किनाऱ्यावरचं बांधकाम. माझं मत विचाराल तर एका कारणाने असं होत नाही, पण गढूळ पाण्याचा मुद्दा मला सगळ्यात वजनदार वाटतो कारण तो जगभर परत परत दिसतो.

ब्राझीलमधलं रेसिफे घ्या. १९९२ च्या आधी तिथल्या बोआ व्हियाजें बीचवर शार्कचं नाव कुणी घेत नव्हतं. दक्षिणेला सुआपे नावाचं मोठं बंदर बांधलं, त्यासाठी खारफुटी आणि खाड्यांची तोंडं बुजवली, जिथे बुल शार्क पिल्लं घालायला यायचे ती जागाच गेली. मग चावे सुरू झाले, आजपर्यंत साठच्या वर घटना आणि वीसच्या वर मृत्यू, आणि तेही अगदी शहरातल्या, हॉटेलांसमोरच्या बीचवर. हे वाचताना मला आपल्या कोकणातल्या खाड्या डोळ्यासमोर येतात, आपल्याकडे असं होईल असं मी म्हणत नाहीये, पण खाडीचं तोंड बुजवताना तिथे कोण राहतं हा प्रश्न कुणीतरी विचारला पाहिजे.

आणि इस्रायलमधलं हदेरा. तिथे वीजकेंद्राचं गरम पाणी समुद्रात सोडतात, त्या उबेला हिवाळ्यात डस्की आणि सॅंडबार जातीचे शार्क जमतात, वर्षानुवर्षं जमतायत, कुणाला काही केलं नाही. मग व्हिडिओ व्हायरल झाले, लोकांची झुंबड उडाली, जवळ जाणं, हात लावणं, खायला टाकणं सगळं सुरू झालं, आणि एप्रिल २०२५ मध्ये एक माणूस गेला. ज्या जातींना आम्ही डायव्हर लोक शांत समजतो त्या या. शार्कला खायला घालू नका हे मी प्रत्येक बॅचला सांगतो आणि दर बॅचमध्ये एक जण विचारतोच की फोटोसाठी एकदा तरी.

आता तुमच्या मुलाचं सिडनी. ऑस्ट्रेलियात वर्षाला साधारण वीसच्या आसपास चावे होतात आणि सरासरी दोन-तीन मृत्यू, काही वर्षं त्याहून वाईट. २०२३ ला चार गेले, त्यात साउथ ऑस्ट्रेलिया राज्यातच तिघं, थंड पाण्याचा, कमी वस्तीचा, मोठे व्हाइट शार्क असलेला किनारा. खुद्द सिडनीत फेब्रुवारी २०२२ मध्ये लिटल बे इथे एक पोहणारा गेला, तो १९६३ नंतरचा शहरातला पहिला मृत्यू. मग सप्टेंबर २०२५ मध्ये उत्तरेकडच्या बीचवर एक सर्फर गेला. म्हणजे जवळपास साठ वर्षं काही नाही आणि मग तीन-साडेतीन वर्षांत दोन, यावरून लगेच शार्क वाढले असं म्हणता येत नाही, घटना इतक्या थोड्या असल्या की त्या अशाच गुच्छाने येतात, पण आता काही होतच नाही म्हणून निर्धास्त राहण्यासारखं पण नाही.

याच ऑस्ट्रेलियात किनाऱ्यावर बुडून दरवर्षी सव्वाशे-दीडशे माणसं जातात ताई, आणि त्यात बाहेरून आलेल्या लोकांचं प्रमाण मोठं आहे. जानेवारी २०२४ मध्ये मेलबर्नजवळ फिलिप आयलंडला चार भारतीय एकाच वेळी बुडाले, बीचवर लाइफगार्ड नव्हते. तिथे रिप करंट नावाचा प्रकार असतो, किनाऱ्यावरून समुद्राकडे ओढत नेणारा पाण्याचा पट्टा, बघायला तो शांत दिसतो, लाटा फुटत नाहीत, म्हणून नवखा माणूस नेमका तिथेच उतरतो. त्यात सापडलं तर किनाऱ्याकडे सरळ पोहत दमायचं नाही, तरंगत राहायचं, हात वर करायचा, जमलं तर आडवं पोहून बाहेर यायचं. आपली बहुतेक मुलं विहिरीत किंवा स्विमिंग पूलमध्ये शिकलेली, त्यांना हे कुणी शिकवलेलं नसतं. आईने एकाच गोष्टीची काळजी करायची असेल तर मी म्हणेन याची करा, लाल-पिवळ्या झेंड्यांच्या मधेच पोहायचं, आणि बोर्ड घेऊन गेला तरी लाइफगार्ड ड्युटीवर असलेल्या बीचवरच.

शार्कसाठी सिडनीत लक्षात ठेवायची गोष्ट म्हणजे पाण्याचं तापमान आणि पाऊस. बुल शार्क उन्हाळ्यात, म्हणजे तिकडच्या डिसेंबर ते एप्रिलमध्ये, पाणी उबदार झालं की सिडनी हार्बरमध्ये येतात आणि थंडी पडली की उत्तरेला निघून जातात. या महिन्यांत हार्बरच्या आत, जाळीचं कुंपण नसलेल्या जागी पहाटे किंवा तिन्हीसांजेला पोहायचं नाही. मोठा पाऊस झाला की गटारं-नाल्यांचं पाणी समुद्राला मिळतं, गढूळ होतं, त्याबरोबर मासे येतात, माशांमागे शार्क येतात, तेव्हा पाणी निवळेपर्यंत दोन-तीन दिवस घरी बसायचं, लाटा कितीही चांगल्या असोत. पक्षी पाण्यात सुळकांड्या मारतायत, माशांचा थवा उसळतोय, मेलेला व्हेल किनाऱ्याला लागलाय असं दिसलं तर बाहेर यायचं. एकट्याने लांब जायचं नाही. सिडनी ज्या राज्यात आहे त्या न्यू साउथ वेल्सच्या सरकारचं शार्कस्मार्ट नावाचं ॲप आहे, टॅग लावलेला शार्क जवळ आला की त्यात सूचना येते, ते फोनमध्ये घालून घे म्हणावं, फुकट आहे.

तिकडच्या ५१ बीचेसवर उन्हाळ्यात जाळी लावतात हे ऐकून पालकांना फार बरं वाटतं. ती जाळी म्हणजे कुंपण नाही. साधारण १५० मीटर लांब आणि ६ मीटर उंच, सगळा किनारा अडवणारी नाही, शार्क बाजूने, वरून सहज जातो. त्यात कासवं, डॉल्फिन, रे मासे अडकून मरतात. मला स्वतःला त्यांच्यापेक्षा ड्रोनने टेहळणी करणं जास्त भरवशाचं वाटतं, वरून शार्क दिसला की भोंगा वाजवून पाणी रिकामं करतात, कुणीच मरत नाही, ना माणूस ना शार्क.

शार्कला लांब ठेवायच्या उपकरणांबद्दल पण विचारतात. मनगटात घालायचे चुंबकाचे पट्टे वगैरे यावर मी पैसे घालवू देणार नाही. विजेचं क्षेत्र तयार करणारं जे उपकरण बोर्डला बसवतात, त्याची २०१८ मध्ये फ्लिंडर्स युनिव्हर्सिटीच्या लोकांनी खऱ्या व्हाइट शार्कसमोर चाचणी घेतली होती, साध्या बोर्डवरचं आमिष शार्कने ९६ टक्के वेळा घेतलं आणि त्या उपकरणासोबत ४० टक्के. म्हणजे निम्म्याहून जास्त फरक पडला, पण ४० टक्के वेळा घेतलंच. महाग आहे, शिकाऊ मुलाला गर्दीच्या बीचवर त्याची गरज नाही, पुढे लांबच्या एकाकी बीचेसवर जायला लागला तर जरूर विचार करावा.

आणि शार्कची बाजू पण सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. आपल्यातली पाच-सहा माणसं त्यांच्यामुळे जातात, आणि आपण मासेमारीत वर्षाला किमान ८ कोटी शार्क मारतो, त्यात अडीच कोटी तर संकटात असलेल्या जातींचे. भारत हा जगात सगळ्यात जास्त शार्क पकडणाऱ्या देशांत आहे. पूर्वी आमच्याकडे जाळ्यात यायचे त्या आकाराचे मासे आता दिसत नाहीत असं प्रत्येक म्हातारा तांडेल सांगतो. चांगली गोष्ट म्हणजे महाराष्ट्रात २०१८ पासून व्हेल शार्कसारखा संरक्षित प्राणी जाळं कापून सोडून दिला तर कोळ्याला जाळ्याची भरपाई मिळते, २५ हजारांपर्यंत, आणि आपल्या लोकांनी खरोखर बरेच प्राणी सोडलेत. मला याचा फार अभिमान आहे.

तर ताई, मुलाला थांबवू नका. त्याच्याकडून एक गोष्ट मात्र करून घ्या, ती म्हणजे रक्त थांबवायला शिकणं. शार्कच्या चाव्याने माणूस जातो तो बहुतेक वेळा रक्तस्रावाने, मांडीची मोठी रक्तवाहिनी तुटली तर हातात मोजकी मिनिटं असतात, ॲम्ब्युलन्स येईपर्यंत वेळ नसतो, म्हणून जो शेजारी बोर्डवर असतो तोच डॉक्टर. एकाच प्रकारचा चावा गर्दीच्या बीचवर झाला तर माणूस वाचतो आणि एकाकी किनाऱ्यावर झाला तर जातो, हा फरक शार्कचा नाही, सोबतीचा आणि शिकवणीचा आहे.

ऑस्ट्रेलियातल्याच एका इमर्जन्सी डॉक्टरांनी २०२१ मध्ये यावर फार कामाचा अभ्यास केला. पाय चावला असेल तर माणसाला वाळूवर उताणं झोपवायचं, कंबरेच्या हाडाचं पुढचं टोक आणि गुप्तांग यांच्या बरोब्बर मधे, जांघेच्या घडीत, मूठ ठेवायची, कोपर सरळ ठेवून सगळं वजन टाकून दाबायचं. त्यांच्या मोजणीत अशा मुठीने पायाकडे जाणारं रक्त जवळपास ९० टक्के थांबलं, आणि सर्फबोर्डची दोरी मांडीला आवळून फक्त ४४ टक्के. सगळे सर्फर दोरीच बांधायला जातात म्हणून हे मुद्दाम लिहितोय. वेटसूट काढत बसायचा नाही, वरूनच दाबायचं. दुसऱ्याने तोवर ट्रिपल झिरोला, म्हणजे ००० या तिथल्या इमर्जन्सी नंबरला, फोन लावायचा. बॅगेत खरा टॉर्निके, म्हणजे रक्त थांबवायला आवळायचा पट्टा, असेल तर तो जखमेच्या वर, घट्ट, रक्त थांबेपर्यंत पिळायचा, किती वाजता बांधला ते लिहून ठेवायचं आणि हॉस्पिटलमध्ये पोचेपर्यंत कुणालाही सोडू द्यायचा नाही. सिडनीत फर्स्ट एडचे एक दिवसाचे कोर्स सहज मिळतात, त्याच्यासोबत जे मित्र पाण्यात उतरतात त्यांनाही घेऊन जायला सांगा, कारण त्याला चावलं तर दाबायला हात त्यांचे लागणार आहेत.